कंडक्टर आमदार वनजाक्का

म्हैसूर-नंजनगूड बसवर वनजाबाईंनी तेरा वर्षं तिकिटं दिली. घराणं जुन्या म्हैसूर संस्थानातल्या मराठा शिपायांचं. घरी मराठी, दारी कन्नड, आणि बसमध्ये दोन्हींची खिचडी. प्रवासी त्यांना वनजाक्का म्हणायचे.

एका सकाळी कारखान्यात शिवणकाम करणारी सुष्मा आठ महिन्यांची मुलगी काखेत घेऊन बसमध्ये चढली. सासू आजारी पडली होती आणि घरी दुसरं कुणी नव्हतं. कारखान्याच्या फाटकावर पहारेकऱ्याने मूल आत न्यायला मनाई केली. बस अजून थांब्यावरच होती. सुष्माला रडताना पाहून वनजाक्का खाली उतरल्या आणि हात पुढे केले.

"दे इकडे. संध्याकाळच्या फेरीला घेऊन जा."

त्या दिवशी मुलगी कडेवर आणि तिकिटांचं यंत्र गळ्यात, अशा सहा फेऱ्या झाल्या. तिसऱ्या फेरीत तपासनीस चढला. "हे कुणाचं?" त्याने विचारलं. "कारखान्यातल्या बाईचं," त्या म्हणाल्या. त्याने थोडा विचार केला, मूल स्वतःच्या मांडीवर घेतलं आणि म्हणाला, "आयतु, ठीक आहे, तुम्ही तिकिटं द्या."

कारखान्यांजवळ एक पाळणाघर हवं, हे त्यांच्या मनाने तेव्हा घेतलं. वर्षभर अर्ज केले, पुढाऱ्यांच्या बैठकीत ताटकळल्या. सगळीकडे एकच उत्तर, "नोडोणा, बघू." शेवटी त्यांनी नोकरी सोडली आणि २०१३ साली अपक्ष उभ्या राहिल्या. पडल्या. पुढची पाच वर्षं गावोगाव हिंडल्या. बरोबर असायचे चुलत काका भुजंगराव, तिथल्या मराठा समाजातले वजनदार गृहस्थ. "आमची पोर आहे, गा," म्हणत ते दारोदार हात जोडायचे. २०१८ला वनजाक्का सहाशे अकरा मतांनी आमदार झाल्या.

बेंगळुरूच्या सभागृहात पहिल्यांदा बोलायला त्यांना दोन मिनिटं मिळाली. लिहून आणलेला कागद त्यांनी घडी करून ठेवला आणि बसचे थांबे सांगायला सुरुवात केली. कडकोळ्याला जी बाई चढते, ती तान्ह्याला शेजारणीकडे टाकून येते. तांडवपुरात जी चढते, तिची सात वर्षांची मुलगी शाळा बुडवून भावाला सांभाळते. दोन मिनिटं संपली, तरी त्यांना कुणी बसा म्हटलं नाही.

पाळणाघर मंजूर झालं, पण जागेवर घोडं अडलं. कारखान्यांजवळच्या एकाच सरकारी जागेवर समाजाला भवन बांधायचं होतं. भुजंगराव स्वतः अर्ज घेऊन आले.

"काका, भवनाला दुसरी जागा बघू. मुलांना दुसरी नाही," वनजाक्का म्हणाल्या.

"माझ्या खांद्यावरून वर चढलीस, वनजा." ते चहा न घेताच उठले.

पाळणाघर उभं राहिलं. २०२३च्या निवडणुकीत समाजाची मतं फिरली आणि वनजाक्का पडल्या. आठ दिवस त्या घराबाहेर निघाल्या नाहीत. नवव्या दिवशी साध्या प्रवासी म्हणून बसने गेल्या. पाळणाघरात अठ्ठेचाळीस मुलं जेवायला बसली होती. एका मुलाला सारान्न, म्हणजे सार घालून कालवलेला भात, भरवत होते भुजंगराव.

वनजाक्का दारातच थबकल्या.

"विद्याश्रीचा," काका मान वर न करता म्हणाले. विद्याश्री त्यांची नातसून. "तिला नंजनगूडला नोकरी लागली. हा माझ्याशिवाय जेवत नाही, म्हणून येतो." मग पुढचा घास कालवत, "मत तुला नव्हतं दिलं मी."

"ठाऊक आहे, काका."

"आणि भवनाचंही विसरलो नाही." त्यांनी नातवाच्या बाळाचं तोंड पुसलं. "पण तीस गावांतून बायका येतात म्हणे इथं. तालुक्यातल्या बाकीच्या गावांना दुसरं पाळणाघर लागेल. कुणी उभं राहणार आहे का, की घरीच बसायचंय?"

वनजाक्कांना हसू आणि रडू एकदमच आलं. "माझ्याकडे आता गाडी नाही, काका."

"बस आहे की!"

येत्या रविवारी कुठल्या गावापासून सुरुवात करायची, यावर दोघांचा तिथेच वाद सुरू झाला. एव्हाना मुलं जेवून झोपली होती, म्हणून तो त्यांना हळू आवाजात घालावा लागला.