धावपट्टीवरचे खडे

वॉशिंग मशीनमध्ये तिसऱ्यांदा खडे खडखडले, तेव्हा मी बाबांवर ओरडलेच. पुण्याहून तीन महिन्यांसाठी माझ्याकडे नेदरलँड्समध्ये, आइंडहोवनला आलेले माझे वडील रोज फिरायला जात आणि सायकलच्या रस्त्यावरचे खडे वेचून खिशात भरून आणत. का, असं विचारलं तर म्हणत, "रस्त्यात होते." वय ऐंशीच्या घरात. माझ्या मनात नको नको ते आलं. गुपचूप इथल्या फॅमिली डॉक्टरची सोमवारची वेळ घेतली. आता हे त्यांना सांगायचं कसं, या विचाराने आठवडाभर मला अन्न गोड लागलं नाही.

शनिवारी त्यांना आणि माझ्या नऊ वर्षांच्या लेकीला घेऊन एका वाळूच्या माळावर गेले. तिथे महायुद्धातल्या विमानतळाची मोडकी धावपट्टी आहे, भेगाभेगांतून गवत आलेलं. बाबा काँक्रीटवर चढले, क्षणभर थांबले आणि मान खाली घालून सरळ रेषेत चालू लागले. वाकायचं, खडा उचलायचा, पुढे जायचं.

"आजोबा, व्हॉट आर यू लुकिंग फॉर?" लेकीने विचारलं.

"खडे. इंजिनाने एक जरी आत ओढला, तरी विमान गेलं आणि पायलटही."

बाबा हवाई दलात मेकॅनिक होते, एवढंच मला ठाऊक. एकाहत्तरच्या युद्धाच्या वेळी ते राजस्थानच्या वाळवंटात होते, आसपास वस्तीचं नाव नाही अशा एका धावपट्टीवर, हे त्या दिवशी कळलं. पहाटे सगळेजण हातभर अंतर ठेवून एका ओळीत चालायचे आणि रात्रीच्या वाऱ्याने आणलेलं सगळं हातांनी वेचायचे. त्याशिवाय विमान सोडायचं नाही.

"पण इथे सायकलच्या रस्त्यावर कशाला?" मी विचारलं.

त्यांनी लेकीकडे बोट दाखवलं. "ही त्याच रस्त्याने शाळेत जाते. भन्नाट चालवते, खाली बघते कुठे?"

"मग आधी का नाही सांगितलंत?"

"तू ओरडत होतीस."

माझा जीव भांड्यात पडला आणि लाजही वाटली. लेक तोवर त्यांच्या डाव्या हाताला जाऊन उभी राहिली होती. बाबांनी मला उजवीकडे बोलावलं. "मधे जागा सोडू नकोस," म्हणाले. आम्ही तिघं धावपट्टीच्या टोकापर्यंत चालत गेलो.

सोमवारी सकाळी फोन करून डॉक्टरांची वेळ रद्द केली. "वडिलांना काही झालेलं नाही," हे सांगताना मला रडूच आलं.

आता मशीन लावण्याआधी मी दोघांचेही खिसे तपासते.