पाच वाजून तीन मिनिटं

घड्याळबाईंचा अध्यक्षपदाचा अर्ज उशिरा आला म्हणून बाद झाला, हे ऐकून तलावावरचा जीवरक्षक पोट धरून हसला. उशीर आणि घड्याळबाईंना! जलतरण संघटनेच्या शर्यतींत अठ्ठावीस वर्षं वेळ मोजणारी ही बाई. सेकंदाच्या शंभराव्या भागासाठी ती पालकांशी भांडली, प्रशिक्षकांशी भांडली. एकदा तर सख्ख्या भाचीला दुसरी ठरवून तिने बहिणीचा वर्षभराचा अबोला ओढवून घेतला होता.

ठिणगी पडली गेल्या वर्षी. तिने पहिली लिहिलेली मुलगी निवड यादीत दुसरी झाली, आणि पहिल्या जागी अध्यक्षांच्या भागीदाराची लेक आली. तिने जाब विचारला, तर पंचांच्या यादीतून तिचंच नाव उडालं. अध्यक्ष बावीस वर्षं खुर्चीला चिकटलेले. दरवेळी बिनविरोध, कारण समोरच्याचा अर्ज कुठे ना कुठे अडखळायचाच. मतपेटी कपाटाबाहेर निघालीच नव्हती.

"मग मीच उभी राहते," ती म्हणाली. नवऱ्याने कपाळाला हात लावला.

शेवटच्या दिवशी पाचला चार मिनिटं असताना तिने अर्ज दिला. निवडणूक अधिकारी बाहेरून आणलेला. त्याने तलावाच्या ऑफिसातल्या भिंतीकडे मान वर करून पाहिलं आणि पोचपावतीवर लिहिलं, पाच वाजून तीन मिनिटं. मुदत पाचची होती.

ते घड्याळ सात मिनिटं पुढे असतं हे तलावावरच्या मांजरालाही ठाऊक होतं. अधिकाऱ्याला नव्हतं. आणि अध्यक्षांना, का कोण जाणे, ते अचानक आठवेनासं झालं. पण खरी मेख पुढेच होती. घड्याळ पुढे केलं होतं खुद्द तिनेच. संध्याकाळी तलाव बंद करायचं काम तिच्याकडे असे आणि पोरं पाण्याबाहेर निघायचं नाव घेत नसत, म्हणून पंधरा वर्षांपूर्वी स्टुलावर चढून तिने स्वतःच्या हाताने काटा सरकवला होता.

भाची आता वकील होती. केस तिनेच घेतली.

"मावशी, हे कोर्टात तुझ्याच तोंडून यावं लागेल. लोक हसतील हं."

"हसू देत. दात दिसतील त्यांचे, माझं काय जातंय?"

सुनावणीच्या आदल्या दिवशी अध्यक्षांचा निरोप आला. केस मागे घ्या, उपाध्यक्षपद देतो, घरातलं भांडण चव्हाट्यावर कशाला? निरोप्याला तिने चहा पाजला आणि बाहेरची वाट दाखवली.

दुसऱ्या दिवशी समोरचा वकील अगदी गोड आवाजात म्हणाला, "म्हणजे वेळ राखणाऱ्या बाईंनीच पंधरा वर्षं सगळ्यांना खोटी वेळ दाखवली?"

कोर्टात खसखस पिकली. तिचे कान तापले. लाज वाटली, चांगलीच वाटली. आयुष्यभर मिरवलेली एकच गोष्ट, ती चारचौघांत उघडी पडली होती. तिने पिंजऱ्याची कड घट्ट धरली.

"हो, मीच दाखवली. पोरांना पाण्याबाहेर काढायला. कुणाला निवडणुकीबाहेर काढायला नाही. आणि चोरून नाही केलं मी, लिहून ठेवलंय."

भाचीने ऑफिसची नोंदवही न्यायाधीशांपुढे ठेवली. दर महिन्याच्या पहिल्या तारखेला तिच्या टपोऱ्या अक्षरात एकच ओळ होती: घड्याळ तपासले, सात मिनिटे पुढे. खाली अध्यक्षांची लफ्फेदार सही. पंधरा वर्षांत एकही महिना चुकला नव्हता. न्यायाधीश सावकाश पानं उलटत राहिले. अध्यक्ष छताचा पंखा बघत होते.

निकाल लागला. अर्ज वैध, निवडणूक नव्याने, आणि मतदान घेऊनच.

कोर्टाच्या पायऱ्यांवर अध्यक्षांनी तिला गाठलं. सोबत त्यांची नेहमीची चार माणसं होती.

"कोर्टात जिंकलात बाई, पण मतांचं काय? एक तरी आहे का तुमच्याकडे?"

"आहे की. माझं स्वतःचं," ती म्हणाली. "बावीस वर्षांत तुम्हाला किती पडली, ते सांगा."

अध्यक्षांनी वळून आपल्या चार माणसांकडे पाहिलं. चौघंही आपापल्या चपला बघत होते.