न टेकलेली खेप

घरसामान हलवणाऱ्या कंपनीत तिला सगळे 'लिफ्ट' म्हणायचे. खरं नाव हजेरीच्या कागदावर होतं, पण ते वाचायची तसदी कोणी घेत नसे. ज्या इमारतीत लिफ्ट नाही, किंवा आहे पण बंद आहे, तिथे हिला पाठवायचं असा शिरस्ता होता, आणि लिफ्ट ही वस्तू बंद पडण्यासाठीच बनवलेली असते हे तर आपण सगळे जाणतोच. तीन दारांचं कपाट पट्ट्याने पाठीवर घेऊन ती एकटी पाचव्या मजल्यावर चढायची. वर पोचल्यावर घाम पुसायच्या आधी घरमालकिणीला बजावायची, की कुठल्या भिंतीला लावायचं ते नीट विचार करून सांगा, मला कपाटं फिरवत बसायची हौस नाही.

मुकादमाचे कायदे दोनच होते. पहिला, वस्तू उचलताना मोडत नाही, टेकवताना मोडते. दुसरा, माल जमिनीला टेकला की खेप संपली. मध्येच दम लागला तर भिंतीला रेला, जिन्यात अडकलात तर मागच्याच्या पाठीवर द्या, पण खाली ठेवू नका. एकाकडून दुसऱ्याकडे माल देण्याला ते 'खांदा बदलणं' म्हणत. खांदे कितीही बदलले तरी खेप तीच धरायची.

आता तिच्यात हे बळ आलं कुठून? तालमीत जाऊन कमावलेलं नव्हतं. ते घराण्यातून आलं होतं, आणि का आलं ते सांगायला घराण्यातल्या पुरुषांची जीभ रेटत नसे.

घर होतं शहरापासून बसने दोन तासांवर, एका लांब गल्लीच्या टोकाला. पणजोबांनी नियम करून ठेवला होता. घर मुलांचं. मुलींना बाप गेल्यावर महिन्याच्या आत एकदा यायचं, एकटीला एका खेपेत उचलवेल तेवढं न्यायचं, आणि पुन्हा तोंड दाखवायचं नाही. बाई उचलून उचलून काय उचलणार, असा पणजोबांचा हिशेब. फार तर एखादी ट्रंक.

त्यांच्याच लेकीने विहीर नेली. चटईसारखी गुंडाळली, पाण्यासकट आणि बेडकासकट, काखोटीला मारली आणि गेली. पुढच्या पिढीत लिफ्टच्या आत्याने अंगणातलं दुपारचं ऊन नेलं, पलंगपोसात बांधून, चार गाठी मारून. तेव्हापासून त्या अंगणात सकाळ संपली की थेट संध्याकाळ व्हायची आणि भावांचे कपडे कधी धड वाळत नसत. आत्याच्या शहरातल्या खोलीत मात्र बारा महिने पापड वाळवण्याजोगी दुपार. पण तिने ते ऊन कधी कौतुकाने दाखवलं नाही. तिला परत जायचं होतं, आणि परत जाता येत नव्हतं. भावांनी अडवलं असतं तर ती त्यांना पुरून उरली असती. अडवत होती ती गल्ली. आत्या एकदा सकाळी गल्लीत शिरली, दिवसभर चालली, समोर छप्पर दिसत होतं, पण पिवळी भिंत संपली की पुन्हा पिवळीच भिंत सुरू व्हायची. संध्याकाळी ती वळली तेव्हा दहा पावलांत बसथांब्यावर आली. घर दिसतं पण येत नाही, एवढंच ती सांगायची आणि तोंड फिरवायची.

आणि घरात लग्न करून आलेल्या बायकांचं उलटं. फाटकापर्यंत गेल्या की पाय जड व्हायचे, इतके जड, की परत स्वयंपाकघराकडे वळल्याशिवाय ते उचलत नसत. लिफ्टची आई पंचेचाळीस वर्षं त्या फाटकाच्या आत होती. म्हणजे गेलेली परत येत नाही आणि आलेली बाहेर जात नाही. घर कसलं, उंदराचा पिंजरा होता तो, दोन्हीकडून लागणारा.

बाप हयात होता तोवर मात्र मुलींना ये-जा मोकळी होती. दर रविवारी लिफ्ट जायची. आई स्वयंपाकघरात खुर्चीवर बसायची, ही तिच्या पायाशी जमिनीवर. खांद्यांवर पट्ट्याचे जे दोन वळ उठलेले होते त्यांना आई कोमट तेल चोळायची आणि खिडकीतून दिसतील तेवढ्या माणसांची उणीदुणी काढायची. मग ठरलेले प्रश्न. तुझ्या खोलीला जिने किती? खिडकीतून काय दिसतं? शेजारीण भांडकुदळ आहे की बरी? उत्तरं पाठ होती तरी आई दर वेळी विचारायची, कारण ती खोली तिने कधी पाहिली नव्हती. त्या तासाभरासाठी लिफ्ट आठवडाभर लोकांचे फ्रिज वाहायची. नवरा तिने केव्हाच सोडला होता, मूल नव्हतं. तिचं माणूस म्हणजे ही म्हातारी.

बाप माघात गेला आणि रविवार धोक्यात आला. थोरल्या भावाने चौथ्याच दिवशी निरोप धाडला, की महिन्याच्या आत येऊन आपला वाटा ने. न्यायला नाही आलीस तरी महिना संपला की गल्ली बंद. थोरला पाण्याचा पेलासुद्धा स्वतः उचलत नसे, आणि धाकटा त्याची री ओढण्यापलीकडे काही करत नसे. असल्या दोघांच्या हाती आई राहणार, आणि लिफ्टला तिचं तोंड दिसणार नाही.

एक उपाय सरळ होता. पुढच्या रविवारी तिने आईला म्हटलं, की मी तुलाच उचलून नेते.

आईचे तेलाचे हात थांबले. "मी काय सामान आहे? या घरात आणली तेव्हाही मला कोणी विचारलं नव्हतं. ही खिडकी, ही चूल, हे मी पंचेचाळीस वर्षांत माझं केलंय. मला इथंच राहायचंय, आणि तूही यायला हवीस. जमव कसं ते."

जमव म्हणणं सोपं. लिफ्टने पंधरा दिवस डोकं खाजवलं. मग एका सकाळी, एका जुन्या इमारतीत, शिसवी कपाट तिसऱ्या आणि चौथ्या मजल्यामधल्या वळणावर अडकलं. वरून सोफा उतरत होता, खालून कोणाची तरी गादी चढत होती. मुकादम खालून ओरडला, की टेकवू नकोस, टेकलं की खेप संपली. पाऊण तास ती कपाट पाठीवर घेऊन उभी राहिली. कोणीतरी तिच्या तोंडाला चहाचा कप लावला. आणि दुसऱ्या घोटाला तिच्या डोक्यात लख्ख पडलं. नियम एका खेपेचा आहे. परतीची बंदी खेप झाल्यावरची आहे. माल टेकलाच नाही तर खेप होणार कधी? तिला इतकं हसू आलं की कपाटाची दारं खडखडली.

वाटा न्यायच्या ठरल्या दिवशी ती पोचली तेव्हा भावांनी कसलीच कसर ठेवली नव्हती. छप्पर दोरखंडांनी चार झाडांना बांधलेलं, पलंग जमिनीला ठोकलेले, आणि दोघे भाऊ वाळूच्या पोत्यांसोबत छपरावर बसलेले, घराला वजन यावं म्हणून. शेजारीपाजारी खुर्च्या टाकून बसले होते. विहिरीच्या आणि उन्हाच्या गोष्टी सगळ्यांनी ऐकल्या होत्या, हमाली करणारी ही बाई आता काय नेते ते बघायचं होतं.

लिफ्ट घराभोवती एक चक्कर मारून आली. ईशान्येच्या कोपऱ्याशी वाकली आणि घराच्या पायाखाली चार बोटं घातली. घर वीतभर वर आलं. आत भांडी वाजली, छपरावर धाकट्याने आईला हाक मारली. घरात विहीर नव्हतीच, आता भावांच्या तोंडचंही पाणी पळालं. तिने घर अलगद होतं तिथे सोडलं. वजनाचा अंदाज घेणं खेपेत धरत नाहीत.

मग ती स्वयंपाकघरात गेली. दाराच्या मागे, सहा वर्षांच्या मुलीचा हात पोचेल इतक्या उंचीवर, एक खिळा होता. तिचं दप्तर अडकवायला बापाने ठोकलेला. दोन बोटांनी तो तिने उपटला, दोऱ्यात ओवला आणि गळ्यात घातला.

थोरला छपरावरून उतरून आला. नेतेस काय ते बघू दे, ठेव इथे टेबलावर, म्हणाला. तिने खिळा तळहातावर घेऊन त्याच्या नाकासमोर धरला आणि हातातच बघ म्हणून सांगितलं. त्याने पाहिला, आणि खोकला लागेपर्यंत हसला. डोंगर पोखरून उंदीर काढला, असं त्याने सगळ्यांना ओरडून सांगितलं. शेजारी हिरमुसून खुर्च्या उचलून गेले. आई तेवढी हसली नाही. लेकीला तिने जन्म दिला होता, ती उगाच खिळा नेणारी नव्हे हे तिला कळत होतं.

तो आठवडा लिफ्टने जीव मुठीत धरून काढला. आंघोळीला खिळा गळ्यात, झोपताना गळ्यात, कामावर सदऱ्याच्या आत. आत्याला सगळं सांगितलं तेव्हा आत्या रडायला लागली. जाऊ नकोस, छप्पर दिसेल आणि घर येणार नाही, ते सोसवत नाही, म्हणाली.

रविवारी ती बसमधून उतरली. सायकलवाल्याचं दुकान मागे पडलं. पिवळी भिंत सुरू झाली. ती चालत राहिली, भिंतही चालत राहिली, आणि एका क्षणी तिने सदऱ्यातला खिळा मुठीत आवळला. मग भिंत संपली आणि फाटक आलं. तिथेच उभी राहून ती ढसाढसा रडली, मग नाक पुसून आत गेली.

थोरला दारात आडवा आला. "तुझी खेप झाली."

"नाही झाली. माल अजून टेकला नाही." तिने सदऱ्यातून खिळा काढून दाखवला. "आणि टेकेपर्यंत मी दर रविवारी येणार. अडवायचं असेल तर अडव, मी तुला दारासकट बाजूला ठेवीन."

थोरला आळशी होता, पण मूर्ख नव्हता. त्याला सगळं समजलं आणि तो बाजूला झाला. चार रविवार तो नुसता तिच्या गळ्यातल्या दोऱ्याकडे बघत राहिला. पाचव्या रविवारी लिफ्ट नेहमीसारखी आईच्या पायाशी जमिनीवर बसली होती, डोळे मिटून. आई तेल चोळत होती. थोरला मागच्या दाराने अनवाणी आला, आईच्या मागून वाकला, आणि हातातल्या कात्रीने गळ्यातला दोरा कापला.

खिळा निसटला. छातीवरून घरंगळला आणि फरशीकडे निघाला. लिफ्टने डोळे उघडले तेव्हा तो तिच्या हाताच्या पलीकडे गेला होता. शिसवी कपाटं पेलणारी बाई, पण तो एवढासा खिळा तिला पेलता आला नाही.

आई खुर्चीतून खाली झेपावली. उठताबसता दोनदा 'अगं आई गं' म्हणणारी सत्तर वर्षांची बाई. तिच्या हातात खिळा आला, तेलाने सटकला, फरशीपासून दोन बोटांवर तिने तो दुसऱ्या हातात धरला आणि छातीशी आवळला. गुडघे फुटले होते. तिने खाली पाहिलंसुद्धा नाही.

"खांदा बदलला," ती धापा टाकत म्हणाली. "खेप तीच ना गं?"

"तीच," लिफ्ट म्हणाली.

आईने खुर्चीचा आधार घेतला. मग मुठीकडे बघत हळूहळू उठली. ओझं आता तिच्याकडे होतं, आणि जिना असो की फाटक, ज्याच्याकडे ओझं असतं त्याला वाट द्यावी लागते. हे तिला कोणी समजावून सांगितलं नाही. तिने पायात लेकीने दाराशी ठेवलेल्या जादा चपला घातल्या, कारण तिच्या स्वतःच्या चपला घरात नव्हत्याच. अंगणातून ती फाटकापर्यंत गेली आणि थांबली. एक पाय उचलून पाहिला. तो उचलला. तिने तो गल्लीत ठेवला, मग दुसरा.

मागून थोरला कात्री हातात घेऊन आला. आई, कुठे चाललीस, आणि दुपारच्या जेवणाचं काय, असं त्याने विचारलं. दुपार त्या घरात नव्हती, भूक मात्र वेळेवर लागायची.

लिफ्ट आईपुढे वाकली. चार जिने आहेत, पाठीवर बस, म्हणाली. आईने तिच्या पाठीवर हलकी थाप मारली आणि तिला सरळ उभी केली. चार जिने चालून चढायचे होते तिला, आणि खिडकीतून काय दिसतं ते स्वतः बघायचं होतं. मग ती वळली, आणि आयुष्यात पहिल्यांदा फाटकाच्या बाहेरून मुलाशी बोलली.

"दार उघडं ठेव. संध्याकाळी परत येतेय मी."