तायडेबाईंसोबत अमरावतीला

मूर्तिजापूर मागे पडलं की तायडेबाई बोलता बोलता गप्प होत. वाक्य अर्धं राहिलं तरी राहू देत आणि रस्त्याकडेच्या उघड्या रानाकडे बघत बसत. मग, "हं, काय सांगून राहिलो होतो मी?" म्हणून पुन्हा सुरू.

अकोल्याच्या एका दवाखान्यात त्या सिस्टर होत्या, मी औषधं देणारी. शनिवारी दुपारी आम्ही एकाच एसटीने अमरावतीला जायचो. त्या लेकीकडे, मी नवऱ्याकडे. मी कोकणातली. इथली काळी जमीन थेट आभाळाला भिडलेली, नजर टेकायला जागाच नाही. "काहीच तर नाही इथे," मी एकदा म्हणाले.

"तुमाले दिसून नाही राहिलं, मॅडम. गाव होतं आमचं."

रस्ता रुंद झाला तेव्हा घरं गेली. थोरल्या बहिणीला त्यांनी अकोल्याला फ्लॅटवर आणलं. ती लिफ्टला घाबरायची. आरशातल्या बाईला चहा विचारायची. एका दुपारी "घरी जाऊन येतो" म्हणून निघाली, ती सापडलीच नाही. "घर कुठं होतं जायले?" तायडेबाई म्हणत.

गेल्या वैशाखात ऊन असं पेटलं होतं की डांबरावर पाणी साचल्यासारखं दिसत होतं. त्या पाण्यात मला एक म्हातारी उभी दिसली. मी ओरडले. ड्रायव्हरने कुरकुरत गाडी थांबवली. आम्ही दोघी उतरलो, गाडी निघून गेली. रस्त्यावर कुणीच नव्हतं.

"कपाळावर हात धरला होता का तिनं?" तायडेबाईंनी विचारलं.

धरला होता. मी ते सांगितलं नव्हतं.

"इतके दिवस मी पाहून राहिलो," त्या हळूच म्हणाल्या, "अन् दिसली तुमाले. कुठं होती?"

मी बोट दाखवलं. त्या नांगरटीत उतरल्या, ढेकळांत उभं राहून समोर कुणी असावं तशा बोलल्या, "ताई, घर पाडलं. वाट नको पाहू आता. चाल माह्यासंग."

परत येताना मागे खडीवर पावलं वाजत होती. किती जणींची, ते मी ऐकून घेतलं नाही.

पुढची एसटी आली.

"अमरावती, तीन," तायडेबाई म्हणाल्या.

कंडक्टरने आम्हा दोघींकडे पाहिलं. "तिसरं कोन?"

"माही बहीण."

त्याने तिकिटं काढून दिली. मी सरकून बसले.