आमच्या बूथवरचं एक मत

सासरे, म्हणजे आबा, मतदारसंघाचा सगळा इतिहास तोंडपाठ सांगतात. शिक्के मारायचे दिवस, मग मशीन आलं ते. आमचं गाव आधी दुसऱ्या मतदारसंघात होतं ते. आधी काका आमदार झाला, मग पुतण्या. प्रत्येक वेळी आमच्या बूथवर कुणाला किती पडली, हेही ते वहीत उतरवतात. मी चहा द्यायला जाते आणि दाराशी थांबून ऐकते.

दरवेळी उभा राहणारा एक अपक्ष आहे. त्याचं नाव निघालं की आबा हसतात. "आपला बूथवर त्याले भोपळा. आजलोंग एक मत नही."

घरात मत आबा सांगतील त्यालाच. मीही तसंच देत आले. पण माझं मत कुठे गेलं ते कधी दिसलं नाही, सगळ्यांच्या ढिगात मिसळून गेलं. या विधानसभेला मशीनसमोर उभी राहिले आणि त्या अपक्षाचं बटण दाबलं. तो आवडत होता म्हणून नाही. भोपळ्याच्या जागी काही आलं तर ते माझंच असेल, एवढंच मनात होतं. घरी येऊन भाकरी थापायला बसले.

निकालानंतर बूथचा कागद मोबाइलवर आला. आबांना बारीक अक्षर दिसत नाही. मी चौथी शिकलेली, म्हणून मोबाइल माझ्या हातात दिला. एकेक नाव वाचत गेले. अपक्षाशी आले आणि अडखळले. शून्य म्हटलं असतं तर कुणाला कळलं नसतं.

"एक," मी वाचलं.

शेजारचे नाना ओट्यावर बसले होते. ते हसत सुटले. "आबा, तुमना किल्लाले भोक पडनं!"

आबा हसले नाहीत. रात्रीपर्यंत त्यांनी ठरवूनही टाकलं, ते मत माझ्या धाकट्या जावेचं. ती त्या अपक्षाच्याच गावची. तिच्या भावाचं लग्न आठ दिवसांवर होतं. आबा म्हणाले, "हळदीले जावानं नही. लग्नना दिन सकायमा जाय, संध्याकाळी ये."

जाऊ चुलीशी येऊन रडली. "अक्का, मी नाही दिलं हो. देवाशपथ." मी तिच्याकडे बघू शकले नाही. तीन दिवस भाजीत मीठ विसरत होते, दूध उतू जात होतं. तिचा थोरला भाऊ अमळनेरहून न्यायला आला. आबांनी त्याला चहा पाजला आणि एकट्यालाच परत जायला सांगितलं. तो चपला घालत होता.

मी पदर ओढून बाहेर गेले आणि सांगून टाकलं. "आबा, ते मत मनं शे."

नवरा माझ्याकडे बघत राहिला.

"कसाले?" आबांनी विचारलं.

"दिसावं म्हणून."

त्यांना ते समजलं की नाही, मला माहीत नाही. मग त्यांनी जावेला पिशवी भरायला सांगितलं. ती भावाबरोबर एसटीने गेली.

आता घरात निवडणुकीचा विषय निघाला की सगळे आधी माझ्याकडे बघतात. पूर्वी कुणी बघत नसे. हात कुठे ठेवावेत ते मला कळत नाही. जिल्हा परिषदेची निवडणूक येणार म्हणतात. कुणाला द्यायचं, ते आबांनी अजून मला सांगितलेलं नाही.