मोजणीआधी तोडलेला ऊस

कोल्हापूरला जाताना हायवेकडेच्या चरकातल्या रसाचा वास आला, की माझं डोकं आजही फिरतं. हा हायवे आमच्याच रानातून गेलाय.

हायवेसाठीच्या सरकारी मोजणीच्या चार दिवस आधी माझ्या वडिलांनी, आबांनी, उभा ऊस तोडून घेतला. आई ओरडली, तर म्हणाले, "मोजणीला येणाऱ्या पावण्यांस्नी उसाची पानं कापत्यात की!"

मोजणीचे साहेब आले, मोकळ्या रानात ऐटीत फिरले. त्याच उसाचा रस मी त्यांच्या हातात दिला. दोन ग्लास पिऊन, "गोड आहे हो," म्हणाले आणि पंचनाम्यात लिहिलं, 'पडीक जमीन'. मोबदलाही पडीकचाच आला. कोर्टात हेलपाटे घालता घालता आबा गेले.

त्या दिवशी आबांच्या पाहुणचाराचा मला केवढा अभिमान वाटला होता! आता वाटतं, कापू द्यायची होती पानं.