हडळीची विहीर

चुडाव्याकडच्या एका गावची ती विधवा मोबाईल उराशी धरून आमच्या ठाण्याच्या बाकावर बसली होती, ते काही केल्या विसरता येत नाही. मी तेव्हा तिथला प्रभारी अधिकारी होतो.

“साहेब, माज्या विहिरीत कुनीबी मेलं न्हाई. पन फोनच्या नकाशात तिला हडळीची विहीर दावायलंय. बाया कापूस येचायला येईनात. शेत गेलं तर मी कुठं जाऊ?”

मी हसलो. खरं सांगतो, हसलो. अर्ज घेतला आणि फायलीत टाकला.

दोन दिवसांनी ठाण्यासमोरचा चहावाला, आमचा जुना खबऱ्या, हळूच म्हणाला, “तिचा दीर लय दिवसापासून ते शेत मागायलाय. नकाशात नाव त्यानंच घातलं म्हनत्यात.” मग मात्र मी जादूटोणाविरोधी कायद्याखाली गुन्हा नोंदवला आणि घटनास्थळाच्या पंचनाम्याला गेलो.

ऊन रणरणत होतं. बाईनं त्याच विहिरीचं पाणी आणलं. दोन्ही पंच मागं सरकले. माझा शिपाईसुद्धा म्हणाला, “तहान न्हाई साहेब.” बांधावरून मजा बघायला आलेला दीर मात्र तांब्याभर पाणी घटाघटा प्याला. भूत ज्यानं घडवलं त्याला त्याची भीती नसते.

त्याला ठाण्यात आणलं.

“आमी काय केलं साहेब? लोकच म्हनायलेत.”

“मग तू पाणी कसं प्यालास रे?”

त्यानं स्वतःच मोबाईल पुढं सरकवला. नाव त्यानंच टाकलं होतं, फोटोसकट. दोषारोपपत्र गेलं, नकाशातून नावही निघालं. मी मिशीला पीळ दिला.

पुढच्या हंगामात बाई पुन्हा आली. “बाया अजून येईनात. दीर जामिनावर सुटलाय अन् तुमचाच कागद गावभर दावायलाय. म्हनतो, पोलिसांनीबी लिवलंय.”

दोषारोपपत्राची प्रत आरोपीला द्यावीच लागते, सोबत जोडलेल्या पंचनाम्याचीही. मी पंचनामा काढला. पंच बोलले तसं मीच लिहवून घेतलं होतं : ‘हडळीची विहीर या नावाने ओळखल्या जाणाऱ्या विहिरीजवळ’. खाली माझी सही आणि ठाण्याचा शिक्का. न्यायालयात गेलेल्या कागदावर खाडाखोड करता येत नाही.

पंचांचा शब्द जसाच्या तसा उतरवणं म्हणजे प्रामाणिकपणा, असं मी नोकरीभर मानलं. ‘अशी अफवा आहे’ एवढे तीन शब्द जोडायचं मला सुचलं नाही, याची लाज वाटते. खोटं गावात फिरतं तोवर ते खोटंच असतं. आपण शिक्का मारला की त्याचा पुरावा होतो.

बाईनं शेत विकलं. दिरालाच. त्यानं विहिरीवर बकरं कापलं, हडळ गेली म्हणून गावाला सांगितलं, आणि दुसऱ्या दिवशी बाया कापूस वेचायला गेल्या.